विश्लेषण : टाटांच्या ट्रकवरून मर्सिडीजचा तारा का उतरला? सुमंत मुळगावकर आणि पुण्याच्या मोटार उद्योगाची गोष्ट

शिरूर तालुक्यातल्या पाबळच्या पश्चिमेला चाकण आहे आणि पूर्वेला रांजणगाव. चाकणमध्ये मर्सिडीज-बेंझच्या गाड्या तयार होतात. रांजणगावात जीप आणि टाटांच्या गाड्या एकाच आवारातून बाहेर पडतात. पुण्यातच रेंज रोव्हरची जुळणी होते. गाडीवरचे नाव एका देशाचे, कारखाना दुसऱ्या देशातला आणि मालक तिसऱ्याच शहरात, हे चित्र या पट्ट्याला नवे नाही.

म्हणूनच इथे एक प्रश्न पडतो. जॅग्वारसारखा आलिशान ब्रँड टाटांच्या मालकीचा आहे म्हणजे नेमके काय? नाव कोणाचे, ड्रॉइंग कोणाकडे, निर्णय कोण घेतो आणि तोटा कोण सोसतो? या प्रश्नांशी पुण्यात सर्वात आधी झुंजलेला माणूस म्हणजे सुमंत मुळगावकर. त्यांच्या काळात जॅग्वार टाटांकडे नव्हती. उलट टाटांच्या ट्रकवरच दुसऱ्या कंपनीचे आलिशान चिन्ह होते. ते उतरवण्याची तयारी त्यांनी कशी केली हे कळले की आजची रचना समजणे सोपे जाते.

सुमंत मुळगावकर कोण होते?

मुळगावकर यांचा जन्म ५ मार्च १९०६ चा. लंडनच्या इम्पिरियल कॉलेजमध्ये त्यांनी अभियांत्रिकीचे शिक्षण घेतले. भारतात परतल्यावर त्यांनी सुरुवातीची वर्षे सिमेंट उद्योगात काढली आणि पुढे एसीसीमध्ये जबाबदारीच्या पदावर काम केले. त्या काळात सिमेंट कारखान्याची मोठी यंत्रे परदेशातून येत. युद्धामुळे समुद्रमार्ग विस्कळीत झाले आणि सुट्या भागांसाठी परदेशावर अवलंबून राहणे किती महागात पडते, हे त्या पिढीच्या अभियंत्यांनी जवळून पाहिले.

१९४९ मध्ये ते टाटा इंजिनिअरिंग अँड लोकोमोटिव्ह कंपनीत, म्हणजे टेल्कोत आले. पुढची जवळपास चार दशके ते या कंपनीचे कर्तेधर्ते होते. टाटा स्टीलचे उपाध्यक्षपदही त्यांनी सांभाळले. त्यांच्या पत्नी लीला मुळगावकर यांनी मुंबईत ऐच्छिक रक्तदानाची चळवळ उभी केली. त्यासाठी १९६३ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

टेल्को तेव्हा काय बनवत होती?

टेल्कोची स्थापना १९४५ मध्ये जमशेदपूरला झाली, ती रेल्वेची वाफेची इंजिने बनवण्यासाठी. ग्राहक एकच, तो म्हणजे सरकारी रेल्वे. एकाच गिऱ्हाइकावर चालणाऱ्या दुकानाला जो धोका असतो, तोच टेल्कोलाही होता. रेल्वेचे धोरण बदलले की काम थांबणार. पुढे १९७० च्या सुमारास वाफेच्या इंजिनांचे उत्पादन खरोखरच बंद झाले. तोवर कंपनीला दुसरा आधार मिळालेला होता. तो होता ट्रक.

ट्रकवर मर्सिडीजचा तारा कसा आला?

१९५४ मध्ये टेल्कोने जर्मनीच्या डाइम्लर-बेंझ कंपनीशी करार केला. मर्सिडीज-बेंझ हा डाइम्लर-बेंझचा ब्रँड. आज हे नाव ऐकले की आलिशान मोटार डोळ्यांसमोर येते, पण त्याच नावाने ही कंपनी ट्रक आणि बसही बनवत असे. करार झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत जमशेदपूरमधून पहिला ट्रक बाहेर पडला. त्याच्या तोंडावर तीन टोकांचा तारा होता. जुन्या ट्रकचालकांच्या तोंडी 'टाटा मर्सिडीज' हे नाव राहिले ते त्यामुळेच.

या कराराची मुदत होती १५ वर्षे. डिझाइन आणि तंत्रज्ञान डाइम्लरचे, कारखाना आणि कामगार टेल्कोचे, अशी वाटणी होती. टेल्को डाइम्लरची उपकंपनी झाली नाही. जर्मन कंपनीचा टेल्कोत हिस्सा आला, पण कंपनीची सूत्रे टाटांकडेच राहिली. नाव आणि ज्ञान काही काळासाठी उसने घेतले होते, असे म्हणता येईल.

उसन्या नावाचा फायदा लगेच मिळतो. गिऱ्हाइकाचा विश्वास बसतो, दर्जाचे मोजमाप तयार मिळते. धोका नंतर दिसतो. मुदत संपली की तारा परत द्यावा लागणार, हे पहिल्या दिवसापासून ठरलेले होते. त्या दिवशी कंपनीकडे स्वतःचे काय असेल, हा मुळगावकरांपुढचा खरा प्रश्न होता.

१५ वर्षांत काय साधले?

मुळगावकरांनी भर दिला तो सुटे भाग देशातच बनवण्यावर. इंजिन, गिअरबॉक्स, अॅक्सल यांसारखे महत्त्वाचे भाग टप्प्याटप्प्याने इथे तयार होऊ लागले. १९६१ मध्ये टेल्कोचे ट्रक श्रीलंकेला, म्हणजे तेव्हाच्या सिलोनला, निर्यात झाले. १९६९ मध्ये करार संपला तेव्हा ट्रकचे बहुतांश भाग भारतीय होते. ताऱ्याच्या जागी टाटांचे 'टी' हे चिन्ह आले.

चिन्ह बदलले म्हणून गिऱ्हाईक पळाले नाही. ट्रक तोच होता, तो दुरुस्त करणारे मेस्त्री तेच होते आणि सुटे भाग त्याच दुकानांत मिळत होते. ट्रकमालकाने पैसे मोजले होते ते गाडीच्या टिकाऊपणासाठी, आणि तो टिकाऊपणा आता जमशेदपूरच्या हातात होता.

अर्थात, त्या काळात स्पर्धा मर्यादित होती. परवाना पद्धतीमुळे कोणी काय आणि किती बनवायचे हे सरकार ठरवत असे. गिऱ्हाइकाला फारसे पर्याय नव्हते. टेल्कोच्या यशात या बंद बाजारपेठेचाही वाटा होता, हे विसरून चालणार नाही.

मग पुण्यात कारखाना का काढला?

१९६६ मध्ये टेल्कोने पुण्यात पाय रोवले. पिंपरी-चिंचवडच्या त्या जागेवर तेव्हा खडकाळ माळ होता. मुळगावकरांनी तिथे मोठ्या प्रमाणावर झाडे लावून घेतली आणि आवारात तलाव तयार करवला. कारखाना म्हणजे धूर आणि काजळी, या समजुतीला छेद देणारी ही गोष्ट आजही पुण्यात आवर्जून सांगितली जाते.

झाडांपेक्षा महत्त्वाचा होता तो कामाचा क्रम. पुण्यातून पहिले व्यावसायिक वाहन बाहेर पडले ते १९७७ मध्ये. म्हणजे मधली सुमारे ११ वर्षे इथे गाडी बनत नव्हती. त्या काळात तयार होत होती ती गाडी बनवणारी यंत्रे, डाय, जिग आणि फिक्स्चर, आणि ती चालवणारी माणसे. टूल रूम आणि शिकाऊ कामगारांचे प्रशिक्षण आधी, असेंब्ली लाइन नंतर, असा हा क्रम. संशोधन आणि डिझाइन करणारे इंजिनिअरिंग रिसर्च सेंटरही पुण्यात उभे राहिले.

यातला हिशेब सरळ आहे. दुसऱ्याच्या ड्रॉइंगवर गाडी जोडायला जुळणीची लाइन पुरते. स्वतःची गाडी काढायची तर पत्र्याला आकार देणारी डायसुद्धा स्वतःला बनवता यायला हवी. ती डाय परदेशातून आणली की मॉडेलमध्ये करायच्या प्रत्येक लहान बदलासाठी परदेशाचे तोंड पाहावे लागते.

या प्रशिक्षणाचा फायदा एका कंपनीपुरता राहिला नाही. भोसरी, चिंचवड, चाकण या भागात सुटे भाग पुरवणाऱ्या लहान-मोठ्या कारखान्यांचे जाळे वाढत गेले. पुढे परदेशी कंपन्या चाकण आणि रांजणगावला आल्या, तेव्हा कुशल हात आणि पुरवठादार दोन्ही त्यांना आयते मिळाले.

तयारीची परीक्षा कधी झाली?

१९८० च्या दशकात. सरकारने हलक्या व्यावसायिक वाहनांसाठी जपानी भागीदारीला वाट करून दिली आणि टोयोटा, निस्सान, माझदा, मित्सुबिशी या चार कंपन्या भारतीय भागीदारांसह मैदानात उतरल्या. टेल्कोपुढे सोपा मार्ग होता, तो म्हणजे आणखी एक परदेशी नाव उसने घेणे. कंपनीने तो घेतला नाही. पुण्यातल्या अभियंत्यांनी स्वतः विकसित केलेली 'टाटा ४०७' १९८६ मध्ये बाजारात आली.

भाजीपाल्यापासून बांधकामाच्या साहित्यापर्यंत सगळे वाहणारी ही गाडी आजही विकली जाते. तिच्याशी टक्कर द्यायला आलेली जपानी नावे या गटातून एकेक करून मागे पडली. मुळगावकरांच्या कारकिर्दीतले हे शेवटचे मोठे यश होते.

मुळगावकरांबद्दल एक गोष्ट मोबाइलवर वारंवार फिरते. जेवणाच्या सुटीत ते गायब होत आणि महामार्गावरच्या ढाब्यावर ट्रकचालकांसोबत बसून गाडीच्या तक्रारी ऐकत, अशी ती गोष्ट. ती आख्यायिका म्हणूनच वाचावी. गाडी कशी असावी हे ती चालवणाऱ्याकडून शिकावे, हा तिचा आशय मात्र ४०७ च्या यशाशी जुळतो.

मारुतीशी त्यांचा काय संबंध?

मुळगावकर हे सरकारी मालकीच्या मारुती उद्योगचे बिगर-कार्यकारी अध्यक्षही होते. तिथली रचना टेल्कोपेक्षा वेगळी होती. १९८२ मध्ये सुझुकी २६ टक्के हिश्श्यासह भागीदार म्हणून आली. तो हिस्सा वाढत गेला आणि २००२ मध्ये सुझुकीकडे बहुमत आले. टेल्कोत परदेशी भागीदार हळूहळू बाहेर गेला, मारुतीत तो हळूहळू मालक झाला. दोन्ही कंपन्या चालल्या, लाखो लोकांना रोजगार मिळाला. फरक इतकाच की मारुतीच्या नव्या मॉडेलचा अंतिम निर्णय आज जपानी मालकाच्या हाती असतो.

अखेरचे पर्व कसे होते?

डिसेंबर १९८८ मध्ये टेल्कोचे अध्यक्षपद रतन टाटा यांच्याकडे गेले. १ जुलै १९८९ रोजी मुळगावकरांचे निधन झाले. त्याच वर्षी पुण्याच्या कारखान्यात राजन नायर यांच्या नेतृत्वाखालची कामगार संघटना आणि व्यवस्थापन यांचा संघर्ष टोकाला गेला. सप्टेंबरमध्ये शनिवारवाड्यापुढे कामगारांचे उपोषण झाले आणि पोलिसांनी ते मोडून काढले. कामगार घडवण्यावर उभ्या राहिलेल्या कारखान्यालाही त्यांच्या नाराजीची किंमत मोजावी लागली.

१९८९ हे वर्ष आणखी एका कारणाने लक्षात ठेवण्यासारखे आहे. त्याच वर्षाच्या अखेरीस ब्रिटनची जॅग्वार कंपनी अमेरिकेच्या फोर्डने विकत घेतली. ही जॅग्वार पुढे पुण्याशी जोडली जाईल, असे तेव्हा कोणाच्या ध्यानीमनीही नव्हते.

मर्सिडीजचा तारा पुण्यात परत कसा आला?

१९९४ मध्ये मर्सिडीज-बेंझने भारतात मोटारी बनवण्यासाठी कंपनी स्थापन केली. ती पुण्यातच, आणि भागीदार पुन्हा टेल्को. पहिली ई-क्लास १९९५ मध्ये टेल्कोच्या पिंपरीच्या आवारातून बाहेर पडली. पुढे टाटा या भागीदारीतून बाहेर पडले. २००९ मध्ये मर्सिडीजने चाकणला स्वतःचा कारखाना सुरू केला आणि २०१० मध्ये डाइम्लरने टाटा मोटर्समधला आपला उरलेला हिस्सा विकला. ५६ वर्षांचे नाते असे संपले. तारा आता पुण्यात होता, पण त्याच्या मूळ मालकाच्या घरावर.

जॅग्वार टाटांच्या घरात कशी आली?

फोर्डने जॅग्वार आणि नंतर लँड रोव्हर घेतली, पण हिशेब जुळला नाही. खर्च वाचवण्यासाठी जॅग्वारची 'एक्स-टाइप' ही गाडी फोर्ड मॉन्डेओच्या प्लॅटफॉर्मवर बेतली गेली. प्लॅटफॉर्म म्हणजे गाडीचा खालचा सांगाडा आणि त्यावर बसणारी मुख्य यंत्रणा. गिऱ्हाइकाला वाटले, आपण जॅग्वारचे पैसे देतो आणि फोर्ड घेतो. अपेक्षेइतकी विक्री झाली नाही.

२ जून २००८ रोजी टाटा मोटर्सने जॅग्वार आणि लँड रोव्हर २.३ अब्ज डॉलरना विकत घेतल्या. २००३ मध्ये टेल्कोचे नाव टाटा मोटर्स झाले होते. खरेदीपाठोपाठ जागतिक मंदी आली आणि २००८-०९ मध्ये टाटा मोटर्सला एकत्रित २,५०५ कोटी रुपयांचा तोटा झाला. आलिशान ब्रँड घेणे म्हणजे त्याचा वाईट काळही घेणे, हे पहिल्याच वर्षी दिसले. २०११ मध्ये आलेल्या रेंज रोव्हर इव्होकने चित्र पालटायला मदत केली.

आज हा ब्रँड मालक कंपनीत नेमका कुठे बसतो?

ऑक्टोबर २०२५ पासून टाटा मोटर्सचे दोन भाग झाले आहेत. ट्रक-बसच्या कंपनीकडे 'टाटा मोटर्स' हे नाव गेले. मोटारींची कंपनी झाली 'टाटा मोटर्स पॅसेंजर व्हेइकल्स', आणि जेएलआर तिच्याकडे आहे. या कंपनीच्या सिंगापूरमधल्या उपकंपनीकडे ब्रिटनच्या जॅग्वार लँड रोव्हर ऑटोमोटिव्हची मालकी आहे. रेंज रोव्हर, डिफेंडर, डिस्कव्हरी आणि जॅग्वार हे तिचे चार ब्रँड.

म्हणजे जेएलआर हा टाटांचा एखादा विभाग नाही. तिचे मुख्यालय ब्रिटनमध्ये आहे, डिझाइन तिथेच होते, मुख्य कारखाने तिथे आणि स्लोव्हाकियात आहेत. मोठी गुंतवणूक आणि वरच्या नेमणुका मात्र मालकाच्या हातात. टाटा मोटर्सचे मुख्य वित्त अधिकारी पी. बी. बालाजी नोव्हेंबर २०२५ मध्ये जेएलआरचे प्रमुख झाले, यातून ते दिसते.

पैशाच्या बाबतीत मूल बापापेक्षा मोठे आहे. विभाजनापूर्वी टाटा मोटर्सच्या एकत्रित महसुलातला साधारण दोन-तृतीयांश वाटा जेएलआरचा असे. त्यामुळे सप्टेंबर २०२५ मध्ये सायबर हल्ल्याने जेएलआरचे उत्पादन काही आठवडे थांबले, तेव्हा त्याचा फटका थेट मुंबईतल्या मालक कंपनीच्या निकालात दिसला.

तंत्रज्ञान एकमेकांना मिळते का?

मिळते, पण मोजूनमापून. २०१९ मध्ये आलेल्या टाटा हॅरिअरचा प्लॅटफॉर्म लँड रोव्हरच्या प्लॅटफॉर्मवरून बेतला आहे. तिचे डिझेल इंजिन येते ते शिरूर तालुक्यातल्या रांजणगावातून, टाटा आणि फियाट यांच्या भागीदारीतल्या कारखान्यातून. जीप कंपासही त्याच कारखान्यात तयार होते.

फोर्डने साध्या गाडीचा सांगाडा महाग ब्रँडला दिला. टाटांनी महाग ब्रँडचा सांगाडा साध्या गाडीला दिला. पहिल्यात ब्रँडची किंमत उतरते, दुसऱ्यात साध्या गाडीची पत वाढते.

२०२४ मध्ये रेंज रोव्हरची जुळणी पुण्यात सुरू झाली, ब्रिटनबाहेर प्रथमच. पूर्ण तयार गाडी आयात केली की सीमाशुल्क जबर बसते, सुटे भाग आणून इथे जोडले की ते कमी होते. त्यामुळे गाडीची किंमत बरीच उतरली. पण ही जुळणी आहे. ड्रॉइंग ब्रिटनमध्येच आहे.

इतर कंपन्यांत कशी रचना असते?

ढोबळमानाने तीन प्रकार दिसतात. लेक्सस हा टोयोटाच्याच घरातला आलिशान ब्रँड आहे. तिथे घर एक आणि पाट्या दोन. ऑडी ही फोक्सवॅगन समूहातली वेगळी कंपनी आहे, पण प्लॅटफॉर्म आणि इंजिने समूहात मोठ्या प्रमाणावर वाटून घेतली जातात. मर्सिडीजमध्ये आलिशान ब्रँड हीच मुख्य कंपनी. डाइम्लरने २०२१ मध्ये ट्रकचा व्यवसाय वेगळा केला आणि मोटारींच्या कंपनीने मर्सिडीज-बेंझ समूह हे नाव घेतले. जेएलआर यांपैकी ऑडीच्या जवळ जाते, पण मालकापासून तिचे अंतर ऑडीपेक्षा बरेच जास्त आहे.

१९५४ मध्ये ट्रकसाठी एकत्र आलेल्या दोन्ही घरांनी आज ट्रक आणि मोटारी वेगळ्या केल्या आहेत. कारण एकच. ट्रक गिऱ्हाईक कमाईसाठी घेतो आणि आलिशान मोटार हौसेसाठी. दोन्ही धंद्यांची भांडवलाची गरज आणि चढ-उताराचे चक्र वेगळे असते.

मुळगावकरांचे काय उरले?

१९९४ मध्ये टाटांनी आणलेल्या गाडीला नाव दिले गेले 'सुमो'. सुमंतमधला 'सु' आणि मुळगावकरमधला 'मो'. इंग्रजीत त्यांचे आडनाव 'मो'ने सुरू होते, म्हणून हा 'मो'. वडापपासून लग्नाच्या वऱ्हाडापर्यंत महाराष्ट्राच्या गावोगावी धावलेल्या या गाडीचे उत्पादन २०१९ मध्ये थांबले.

गाडी बंद झाली, तरी त्यांनी पुण्यात घालून दिलेला क्रम जुना झालेला नाही. चाकण किंवा रांजणगावच्या लाइनवर उभ्या असलेल्या आयटीआयच्या मुलासाठी गाडीवर तारा आहे की जॅग्वार, याने फार फरक पडत नाही. परदेशातल्या मालकाने मॉडेल बंद केले तर जुळणीची लाइन दुसरीकडे हलू शकते. डाय बनवणारा, इंजिनाची चाचणी घेणारा आणि ड्रॉइंग काढणारा माणूस मात्र पुढच्या कंपनीलाही लागतो. १९६९ मध्ये तारा उतरला तेव्हा टेल्को उभी राहिली, ती अशाच माणसांमुळे.